तळटीप : ‘अलबेला’तला ट्रम्पेटवाला

* भिवंडीच्या यंत्रमागवाल्यांच्या गप्पांत येणारा हा ‘ट्रम्पेटवाला’ म्हणजे चिक चॉकलेट. खरे नाव आंतोनियो झेवियर वाझ. जन्म १९१६, गोव्यातल्या हळदोण्याचा. अमेरिकी ट्रम्पेटवादक लुई आर्मस्ट्राँग हा त्याचा आदर्श, म्हणून मुंबईत त्याला ‘भारताचा आर्मस्ट्राँग’ म्हणत. ‘ताज’ हॉटेलमध्ये त्याचा बँड वाजे, दिवसा तो सिनेमाच्या रेकॉर्डिंगला जाई. गोव्याच्या चर्चशाळांत स्वरलिपी शिकलेल्या अशा वादकांवाचून त्या काळच्या हिंदी गाण्यांचा वाद्यमेळ उभाच राहिला नसता. चाल संगीतकाराची, पण कोणत्या ओळीनंतर ट्रम्पेट उसळी घेईल, सॅक्सोफोन कुठे उत्तर देईल, हे बरेचदा ही मंडळी कागदावर उतरवत. श्रेयनामावलीत मात्र त्यांना क्वचितच जागा मिळे, आणि हा अन्यायच होता.

पुणतांब्याच्या संगीतकार सी. रामचंद्रांनी चिकची ताकद ओळखली. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ब्लूज-जॅझमधला ठेका त्यांच्या मराठमोळ्या चालींत इतका बेमालूम मुरला, की तो परका वाटलाच नाही. त्यांचेच संगीत असलेला ‘अलबेला’ (१९५१) हा चित्रपट गिरणी कामगाराच्या घरात वाढलेल्या भगवानदादांचा. यंत्रमागावरच्या माणसांना तो आपला वाटला यात नवल नाही. त्याच वर्षी ‘नादान’ या चित्रपटाला चिकने स्वतंत्र संगीत दिले. १९६७च्या मे महिन्यात, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी तो गेला. ‘अलबेला’तल्या ‘दीवाना परवाना’ या गाण्यात पडद्यावर दिसणारा बँड त्याचाच आहे. वाचकांनी तो जरूर पाहावा. — संपादक