डिझेल स्वस्त होतं तेव्हाची गाडी आणि आजचं ॲव्हरेज

 

परवा जुन्या पुणे नाक्याकडच्या एका पंपावर रांगेत होतो. पुढे वडापची जुनी गाडी. ड्रायव्हरने पाचशेचं डिझेल टाकायला सांगितलं. पंपावरचा पोरगा ओळखीचा असावा. म्हणाला, "कधीतरी टाकी फुल करा की ओ."

ड्रायव्हर म्हणाला, "फुल केली तर कळंल ना किती पिती ते! नगो बाबा, पाचशेचंच टाक."

रांगेतले सगळे हसले. मीही हसलो. पण गाडी घेऊन निघालो तेव्हा लक्षात आलं, मी पण तेच करतोय. माझी जुनी डिझेल गाडी, मागे समोरासमोर सीट, वजन दीड टनाच्या वर. कंपनीचं नाव मुद्दाम सांगत नाही, कारण दोष तिचा नाही. वडिलांनी सेकंडहँड घेतली होती. सहा वर्षं मी तिच्यात हजार-दोन हजारचं डिझेल टाकतोय आणि ॲव्हरेज विचारलं की "देती की दहा-अकरा" असं ठोकून देतोय. मोजलं कधीच नव्हतं.

मोजलं तर नऊ निघालं.

आता प्रश्न असा, की आपल्याकडे या असल्या जड, चौकोनी, डिझेल पिणाऱ्या गाड्या एवढ्या आल्या कुठून? घरटी नाही, पण गावटी दहा तरी आहेत. याचं उत्तर गॅरेजमध्ये सापडत नाही. ते डिझेलच्या भावाच्या इतिहासात सापडतं.

सुरुवात जीपपासून. १९४५ साली महिंद्र अँड मोहम्मद नावाची कंपनी सुरू झाली. फाळणीनंतर गुलाम मोहम्मद पाकिस्तानात गेले, तिथले पहिले अर्थमंत्री झाले आणि इकडे कंपनी महिंद्र अँड महिंद्र झाली. या कंपनीने अमेरिकेच्या विलिस जीपचे सुटे भाग आणून मुंबईत जोडायला घेतले. ती जीप लढाईसाठी बनलेली. युद्धात इंधनाचा हिशोब सैनिक करत नाही, सरकार करतं. त्यामुळे ॲव्हरेज हा विषय तिच्या जन्मातच नव्हता. पेट्रोल इंजिन, सव्वादोन लिटरच्या आसपास. जुने सरकारी ड्रायव्हर सांगायचे, लिटरला सात-आठ मिळालं तरी साहेब खूश.

साहेब खूश असणारच, पेट्रोल सरकारचं! १९६२ ला जिल्हा परिषदा झाल्या, पंचायत समित्या झाल्या, बीडीओ साहेबांना जीप आली. बहात्तरच्या दुष्काळात आपल्या जिल्ह्यातल्या म्हाताऱ्यांना खडी फोडण्याच्या कामाइतकीच कामावर येणारी जीपही आठवते. धुरळा दिसला की मुकादम हजेरीचं बुक शोधायचा.

मग आलं १९७३. अरब देशांनी तेल रोखलं. कच्चं तेल बॅरलला तीन डॉलरच्या आसपास होतं, ते काही महिन्यांत बारा डॉलरच्या घरात गेलं. आपल्याकडे पेट्रोल भडकलं. त्याच नोव्हेंबरात अटलबिहारी वाजपेयी बैलगाडीत बसून संसदेत गेले होते. ते आंदोलन होतं, पण खेड्यातल्या जीपवाल्यासमोर प्रश्न खराच होता. पेट्रोलवर जीप आता परवडेना.

डिझेल मात्र सरकारने जपून ठेवलं होतं. ट्रक, एसटी, ट्रॅक्टर, विहिरीवरचं इंजिन, सगळं डिझेलवर. डिझेल महागलं की ज्वारी महागते, भाजी महागते, तिकीट महागतं, म्हणून भाव सरकार ठरवायचं आणि खाली ठेवायचं. जीपवाल्यांनी ते बरोबर ओळखलं. सत्तरच्या दशकात ट्रॅक्टरच्या घराण्यातलं डिझेल इंजिन जीपमध्ये बसायला लागलं. ऐंशीच्या दशकात महिंद्रने फ्रान्सच्या प्यूजो कंपनीच्या परवान्यावर डिझेल इंजिन बनवायला घेतलं, इगतपुरीला. बजाज टेम्पोची ट्रॅक्स आली, तिचं इंजिन मर्सिडीजच्या घराण्यातलं. १९९३ ला महिंद्रची आर्मडा आली. १९९४ ला पुण्याहून टाटा सुमो आली. हे नाव पैलवानावरून नाही बरं का. टेल्को उभी करणाऱ्या सुमंत मुळगावकरांच्या नावातला 'सु' आणि आडनावातला 'मो'. १९९८ ला सफारी, २००० ला बोलेरो, २००२ ला नाशिकहून स्कॉर्पिओ.

आमच्या पिढीचं बालपण या गाड्यांत गेलंय. लग्नाचं वऱ्हाड, तुळजापूरची नवरात्र, अक्कलकोटची गुरुपौर्णिमा, पंढरपूरची वारी, बाळंतिणीला रात्री दवाखान्यात नेणं, आणि रोजचं वडाप. दहाची गाडी आणि माणसं सोळा. ड्रायव्हर अर्धा दाराबाहेर. कायद्यात बसत नव्हतं, पण एसटी न जाणाऱ्या गावाला तेच होतं. २०२१-२२ चा एसटीचा संप आठवा. पाच महिने या जिल्ह्याने काय वापरलं? याच गाड्या.

आता मुद्द्याची गोष्ट. या गाड्या बनवताना कंपनीसमोर गिऱ्हाईक कोण होतं? स्वस्त डिझेलवाला. त्याला मजबूत चॅसी पाहिजे, वजन ओढणारं इंजिन पाहिजे, गावातल्या मेस्त्रीला दुरुस्त करता आलं पाहिजे. ॲव्हरेज दहा दिलं काय नि बारा दिलं काय, पेट्रोलपेक्षा स्वस्तच. त्या वेळच्या बऱ्याच इंजिनांत डिझेल सरळ सिलिंडरमध्ये न उडता आधी वरच्या एका छोट्या खोलीत पेटायचं आणि मग खाली यायचं. आवाज कमी, धक्का कमी, पण उष्णता त्या खोलीच्या भिंतींतच वाया जायची. थेट सिलिंडरमध्ये डिझेल उडवणारी इंजिनं आणि नंतर कॉमन रेलची इंजिनं आली, तेव्हा तेवढंच काम कमी डिझेलमध्ये व्हायला लागलं.

पेट्रोल-डिझेलच्या भावातली दरी किती वाढली होती ते बघा. जून २०१० ला पेट्रोलचे भाव सरकारने मोकळे सोडले, डिझेलचे धरून ठेवले. मे २०१२ ला दिल्लीत पेट्रोल ७३ रुपयांवर गेलं तेव्हा डिझेल ४१ च्या आत होतं. लिटरमागे ३२ रुपयांचा फरक! मग डॉक्टर, बिल्डर, नगरसेवक सगळेच डिझेल गाडीकडे वळले. शेतकऱ्यासाठी धरलेल्या भावावर सगळ्या राज्यातले पुढारी फिरले, हे लिहिताना मला अजिबात संकोच वाटत नाही.

स्वस्ताईने दुसरंही पाप केलं. रेशनचं रॉकेल डिझेलहून कितीतरी स्वस्त, म्हणून ते डिझेलमध्ये मिसळायचा धंदा वाढला. मनमाडजवळ पानेवाडीला २५ जानेवारी २०११ रोजी अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे यांना तेलमाफियांनी जिवंत जाळलं. त्यांनी भेसळ पकडली होती. प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या दिवशीची ती बातमी आमच्या पेशातला कुणी विसरलेला नाही. आणि ज्यांच्या गाडीत ते रॉकेल गेलं त्यांचे पंप आणि नोझल झिजले ते वेगळंच. रॉकेलला डिझेलसारखं वंगण नसतं.

जानेवारी २०१३ पासून डिझेल महिन्याला साधारण पन्नास पैशांनी वाढवायला सुरुवात झाली. लोकांना कळलंही नाही. १८ ऑक्टोबर २०१४ ला डिझेलही मोकळं झालं. जून २०१७ पासून भाव रोज बदलायला लागला. आणि २४ जून २०२० ला दिल्लीत इतिहासात पहिल्यांदा डिझेल पेट्रोलच्या वर गेलं. ज्या गणितावर या गाड्या जन्मल्या, ते गणितच संपलं.

कंपन्यांनी लगेच हिशोब बदलला. २०१६ ला बोलेरोची एक आवृत्ती चार मीटरच्या आत बसवली, अडीच लिटरचं इंजिन जाऊन दीड लिटरचं आलं, कारण तेवढ्यात बसलं की कर कमी लागायचा. सुमो २०१९ ला बंद झाली. सरकारनेही आपला हात काढून घेतला. १ एप्रिल २०२२ पासून पंधरा वर्षं झालेल्या मोटारीच्या नोंदणी नूतनीकरणाची फी सहाशेवरून पाच हजार झाली. राहिला कोण? ज्याच्या दारात जुनी गाडी आहे तो. नवी घ्यायची ऐपत नाही, जुनी विकली तर भंगाराचा भाव, आणि डिझेलही महाग.

मग काय करायचं? मी काय केलं ते सांगतो.

पहिलं, मोजलं. टाकी काठोकाठ भरली, किलोमीटर लिहिले, गाडी नेहमीसारखी चालवली, परत त्याच पंपावर काठोकाठ भरली. जेवढं डिझेल बसलं त्याने किलोमीटरला भागलं. असं तीनदा केलं. एकदा मोजून कळत नाही. मूळ मापापेक्षा मोठे टायर टाकले असतील तर मीटर कमी किलोमीटर दाखवतं, ते पण ध्यानात घ्या.

दुसरं, मेस्त्री बदलला. नवा मेस्त्री वयस्कर माणूस. त्याने बॉनेट उघडलं, गाडी अर्धा तास चालवून आणायला लावली आणि वरच्या पाइपला हात लावून म्हणाला, "साहेब, हिचा थर्मोस्टॅट कुणी काढला?" मला आठवलं. पाच वर्षांपूर्वी एप्रिलमध्ये गाडी गरम झाली होती, तेव्हा एका गॅरेजवाल्याने "सोलापूरच्या उन्हात ह्याचं काम नाही" म्हणून काढून फेकला होता. सोलापुरात हे सर्रास होतं. खरं तर तो झडपेसारखा भाग. इंजिन नीट तापेपर्यंत पाणी रेडिएटरकडे जाऊ देत नाही. तो नसला की हिवाळ्यात, सकाळच्या छोट्या फेऱ्यांत इंजिन अर्धवट थंडच राहतं, आणि थंड इंजिन डिझेल जास्त खातं. गाडी गरम होत होती ती रेडिएटर चोंदल्यामुळे. दोष एकाचा, शिक्षा दुसऱ्याला.

तिसरं, नोझल चेक करून घेतले, एअर फिल्टर बदलला. चढाला काळा धूर यायचा तो जवळजवळ थांबला. काळा धूर म्हणजे पैसे देऊन घेतलेलं आणि न जळलेलं डिझेल. मागचं एक ब्रेक ड्रम धरत होतं, ते सोडवलं. टायरमध्ये हवा अंदाजाने नाही, दारावरच्या पट्टीवर लिहिलीय तेवढी. आणि वरचं लोखंडी कॅरिअर काढलं. वर्षातून दोनदा लागतं, पण तीनशे पासष्ट दिवस वारा अडवत होतं.

चौथं आणि सगळ्यात अवघड, वेग. या गाड्या दुपदरी रस्त्याच्या काळातल्या. तेव्हा मोहोळ-टेंभुर्णी-भिगवण करत साठच्या पुढे जाताच यायचं नाही. आता चौपदरी झाल्यापासून आपण त्याच चौकोनी गाड्या नव्वद-शंभरने पळवतो. हवेचा विरोध वेगाच्या वर्गाने वाढतो. साठच्या जागी नव्वद केलं की तो सव्वादोन पट होतो. पुणं अडीचशे किलोमीटर. नव्वदऐवजी सत्तरने गेलो तर पाऊण तास जास्त लागतो. भिगवणला चहाला थांबतो तेवढाच वेळ म्हणा.

एक गोष्ट केली नाही. उताराला न्यूट्रल मारत नाही. त्याने ब्रेकवर सगळा भार येतो, आणि गिअरमध्ये पाय सोडला तरी पंप डिझेल तोडतोच.

तीन महिन्यांनी परत मोजलं. साडेअकरा. महिन्याला माझे दीड हजार किलोमीटर होतात. छत्तीस लिटर वाचले, म्हणजे सव्वातीन हजार रुपये. दुरुस्तीचा खर्च तीन महिन्यांत फिटला.

आता एक हिशोब तुम्हीच करा. अठराची छोटी कार वीसवर नेली तर हजार किलोमीटरला साडेपाच लिटर वाचतात. नऊची जुनी गाडी अकरावर नेली तर वीस लिटर वाचतात. दोनच आकडे वाढले, पण बचत जवळजवळ चौपट. म्हणजे ज्या गाडीला आपण "जाऊ द्या, जुनी आहे" म्हणून सोडून देतो, तिच्यावर खर्च केलेला रुपयाच सगळ्यात जास्त परत येतो. आणि त्या गाड्या बहुतेक कुणाकडे आहेत? वडापवाल्याकडे, शाळेची पोरं नेणाऱ्याकडे, भाजी घेऊन मार्केट यार्डात येणाऱ्याकडे.

धूर बघायला पीयूसी आहे. डिझेल किती जातंय हे बघणारं कुणी नाही. आयटीआयमध्ये मेकॅनिक डिझेलचा ट्रेड आहे, पोरांना हाताला काम पाहिजे. रस्ता सुरक्षा सप्ताहात रिबन कापण्याऐवजी दोन दिवस जुन्या गाड्यांची हवा, फिल्टर, थर्मोस्टॅट आणि ब्रेक तपासायचं शिबिर घेतलं तर? वडाप संघटनांनी मनावर घेतलं तर सरकारची वाट बघायची पण गरज नाही. कुणी पुढाकार घेणार असेल तर बातमी छापायची जबाबदारी माझी.

तोपर्यंत एवढंच करा. या वेळी पाचशेचं नको, टाकी फुल करा. परत फुल करा. भागाकार करा. आणि जो आकडा येईल तो खाली लिहा. लाजू नका, माझा नऊ होता.