खबर आणि शिकस्त

उर्दू शाळेत शिकवताना 'खबर' हा शब्द आम्ही रोज वापरतो. अरबी अलंकारशास्त्रात या शब्दाची व्याख्या मोठी मार्मिक आहे : जे खरे किंवा खोटे ठरू शकते असे विधान म्हणजे खबर. १९६७ च्या जूनमध्ये अरब जनतेला या व्याख्येचा विसर पडला होता.

५ जूनच्या सकाळी इस्रायली विमानांनी इजिप्तच्या विमानतळांवर हल्ला केला आणि काही तासांत इजिप्तचे हवाई दल जमिनीवरच संपले. त्याच वेळी कैरो रेडिओ आणि 'सौत-उल-अरब' मात्र शत्रूची डझनावारी विमाने पाडल्याचे सांगत होते. निवेदक अहमद सईद यांच्या आवाजावर कैरोपासून बगदादपर्यंत लोकांचा विश्वास. लोक रस्त्यावर येऊन जल्लोष करू लागले. खुद्द राष्ट्राध्यक्ष नासेर यांनाही हवाई दलाची खरी अवस्था दुपारनंतरच कळली. वरिष्ठांना अप्रिय बातमी सांगायची कोणी?

हे खोटे रेडिओपुरते राहिले नाही. फील्ड मार्शल आमेर यांनी जॉर्डनचे शाह हुसेन यांना कळवले की, इस्रायलची ७५ टक्के विमाने नष्ट झाली आहेत. जॉर्डन इजिप्तशी कराराने बांधलेले होतेच. त्यात हा निरोप. जॉर्डनच्या तोफा सुरू झाल्या आणि ७ जूनला पूर्व जेरुसलेम हातचे गेले.

इस्रायलची रीत वेगळी होती. त्याने दिवसभर आपले यश लपवले. कारण ते कळते, तर युद्धबंदीसाठी दबाव लवकर आला असता. म्हणजे एक बाजू खोटे बोलत होती, दुसरी गप्प होती. सत्य कोणीच सांगत नव्हते.

१० जूनला तर कमाल झाली. इस्रायली फौज पोहोचण्यापूर्वीच दमास्कस रेडिओने कुनेत्रा शहर पडल्याचे जाहीर केले. ते ऐकून सीरियाचे सैनिक मोर्चे सोडून निघाले. आदल्याच दिवशी नासेर यांनी दूरदर्शनवरून पराभव मान्य केला होता. पण त्यालाही नाव दिले 'नकसा', म्हणजे पीछेहाट!

वाचकहो, आपली किती विमाने परतली हे शत्रूला ठाऊकच होते. फसले ते आपलेच लोक. म्हणून लढायांच्या तारखा पाठ करून घेताना आम्ही मुलांना आता एक सवाल हमखास करतो : ही खबर दिली कोणी, आणि त्या वेळी तो होता कुठे?