सांधलेल्या हाडांची साक्ष

एक फॉरवर्ड तुमच्याही फोनवर कधी ना कधी येऊन गेला असेल. एका विद्यार्थ्यानं मार्गारेट मीड या मानववंशशास्त्रज्ञ बाईंना विचारलं, मानवी संस्कृतीची पहिली खूण कोणती? मडकं? दगडी हत्यार? बाई म्हणाल्या, जुळून आलेलं मांडीचं हाड. जंगलात मांडी मोडलेलं जनावर मरतं. माणसाचं हाड जुळलं, म्हणजे कुणीतरी त्याच्यापाशी थांबलं, त्याला सांभाळलं. शेवटी जोडलेल्या हातांचा इमोजी.

गोष्ट छान आहे. अडचण एवढीच, की मीड असं कधी आणि कुठं म्हणाल्या याचा पक्का पुरावा कुणी दाखवलेला नाही. त्यातला प्राण्यांचा भाग तर सरळच चुकीचा आहे. जंगलातल्या गिबनांच्या आणि माकडांच्या सांगाड्यांत मोडून पुन्हा जुळलेली हाडं भरपूर सापडतात. झाडावर राहणारा प्राणी कधीतरी पडतोच, आणि पडूनही पुष्कळदा जगतो.

तरीही त्या फॉरवर्डमागचा प्रश्न खरा आहे. हजारो वर्षांपूर्वीच्या हाडावरून त्या माणसाभोवतीची माणसं कशी होती, हे कळतं का?

मुळात हाड काय सांगतं, ते आधी पाहू. माझं काम सॉफ्टवेअरचं, त्यामुळे मला हाड हे लॉग फाइलसारखं वाटतं. जिवंत हाड मोडलं की काही आठवड्यांत तिथं नवं हाड धरायला लागतं, मग पुढं कित्येक महिने, वर्षं ते घासूनपुसून आकाराला येत राहतं. मेल्यानंतर मोडलेल्या हाडात यातलं काहीच होत नाही. म्हणजे जखम आधीची की नंतरची आणि जखमेनंतर माणूस साधारण किती जगला, याची नोंद हाडातच असते. वापर थांबलेल्या अवयवाचं हाड बारीक होतं. दाढ पडली की जबड्यातली तिची खोबण हळूहळू भरून येते. काय घडलं आणि कोणत्या क्रमानं, हे लॉग सांगतो. का घडलं, हे मात्र त्यात लिहिलेलं नसतं.

आणि हा लॉगही बहुतेक वेळा फाटकाच मिळतो. भारतात १९८२ साली अरुण सोनकिया यांना नर्मदेकाठी हथनोरा इथं आदिमानवाच्या कवटीचा भाग सापडला. शोध फार मोलाचा. पण नुसत्या कवटीवरून त्या व्यक्तीचा हात कसा होता, ती लंगडत होती का, हे कसं कळणार? त्यासाठी अख्खं शरीर लागतं. म्हणूनच उत्तर इराकमधल्या शानिदार गुहेला एवढं महत्त्व आहे.

झाग्रोस डोंगररांगांतली ही गुहा. १९५१ ते १९६० या काळात राल्फ सोलेकी या अमेरिकी पुरातत्त्वज्ञानं तिथं उत्खनन केलं आणि दहा निअँडरथल माणसांचे अवशेष बाहेर काढले. त्यात बाया, पुरुष आणि मुलंही होती. निअँडरथल म्हणजे आपले पूर्वज नव्हेत, चुलत भाऊबंद. आफ्रिकेबाहेरच्या आजच्या लोकांत, म्हणजे आपल्यातही, त्यांचा थोडासा डीएनए शिल्लक आहे.

१९५७ साली सापडलेल्या 'शानिदार १' या पुरुषाच्या लॉगमध्ये जे दिसतं ते असं. डाव्या डोळ्याभोवतीचं हाड जबर मारानं चेपलेलं आणि नंतर भरून आलेलं. त्या डोळ्यानं त्याला बहुधा दिसत नव्हतं. उजवा दंड मोडलेला, काडीसारखा बारीक झालेला, आणि कोपराच्या वरच संपलेला. पुढचा हात आणि पंजा नाहीच. उजव्या पावलाचं हाड मोडून जुळलेलं, पायाच्या सांध्यांत संधिवात. तो लंगडत असणार. २०१७ साली एरिक ट्रिंकॉस आणि सेबास्तिआँ व्हिलोट यांनी त्याच्या कानांच्या नळ्या तपासल्या. त्यात हाड इतकं वाढलेलं होतं, की त्याला नीट ऐकूही येत नसावं, असा त्यांनी निष्कर्ष काढला.

एक डोळा, एक हात, अधू पाय, बहिरे कान. आजूबाजूला मोठी शिकारी जनावरं. आणि हा माणूस चाळिशीपर्यंत किंवा त्याहूनही पुढं जगला. निअँडरथलांच्या मानानं हे म्हातारपणच. बारीक झालेला दंड सांगतो, की तो नुसता दुखापतीतून वाचला नाही, तिच्यासकट वर्षानुवर्षं जगला.

इथून पुढं आपण जे म्हणतो तो अनुमानाचा भाग आहे. पण अनुमान भक्कम आहे. बहिऱ्या, एका डोळ्याच्या माणसाला मागून येणारं जनावर कळणार नाही. एका हातानं भाला चालवून मोठी शिकार होणार नाही. मुक्काम हलला की याच्यासाठी चाल धिमी करावी लागणार. शिकारीत वाटा द्यावा लागणार. हे एखाद दिवसाचं नव्हे, वर्षानुवर्षांचं. ज्या टोळीकडं तेवढं अन्न नाही आणि तेवढा धीर नाही, तिच्यात असा माणूस म्हातारा होत नाही.

मात्र त्याला खाटल्यावर पडलेला बिचारा समजायचंही कारण नाही. त्याचे पुढचे दात कमालीचे झिजलेले आहेत. निअँडरथल माणसं चामडं वगैरे दातांत धरून काम करत, असं इतर सांगाड्यांवरूनही दिसतं. याला एकच हात, म्हणजे दात हाच त्याचा दुसरा हात झाला असावा. तो लंगडत का होईना, चालत होता. बसल्या जागी का होईना, काहीतरी करत होता. लोक त्याला सांभाळत होते आणि तोही कामाला येत होता. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात. आपल्या घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडं पाहिलं तरी हे पटेल.

याच गुहेतल्या 'शानिदार ३'च्या डाव्या बरगडीवर धारदार हत्याराचा खोल काप आहे. कापाच्या कडा भरायला लागल्या होत्या. म्हणजे घाव बसल्यावर तो काही आठवडे जगला. हल्ला होता की अपघात, ते बरगडी सांगत नाही. त्याच्या दातांवरच्या किटणात शिजवलेल्या जंगली सातूचे आणि खजुराचे सूक्ष्म कण सापडले. निअँडरथल म्हटलं की मांसाचा लचका तोडणारा राक्षस डोळ्यांपुढं येतो. हा तर सातू शिजवून खात होता.

तो राक्षस आला कुठून? १९०८ साली फ्रान्समधल्या ला शापेल-ओ-सँ इथं एका म्हाताऱ्या निअँडरथलाचा सांगाडा मिळाला. मार्सेलँ बूल या नामांकित शास्त्रज्ञानं त्यावरून गुडघ्यात वाकलेला, मान पुढं काढून चालणारा रानटी प्राणी रंगवला. १९५७ साली स्ट्रॉस आणि केव्ह या दोघांनी तीच हाडं पुन्हा पाहिली. त्या म्हाताऱ्याला भयंकर संधिवात होता. त्याला आंघोळ घालून, दाढी करून, आजचे कपडे घातले, तर न्यूयॉर्कच्या मेट्रोत कुणी वळूनही पाहणार नाही, अशा अर्थाचं त्यांनी लिहिलं. एका माणसाच्या आजाराला बूलनं अख्ख्या जमातीचा स्वभाव ठरवून टाकलं होतं.

मग लंबक उलट्या टोकाला गेला. १९६० साली शानिदारमध्ये सापडलेल्या चौथ्या सांगाड्याभोवतीच्या मातीत फुलांच्या परागकणांचे पुंजके मिळाले. आर्लेट लरॉ-गुऱ्हाँ या अभ्यासिकेनं ते तपासले. निष्कर्ष निघाला, की प्रेत फुलांवर ठेवून पुरलं होतं. १९७१ साली सोलेकीनं पुस्तक काढलं, त्याच्या नावातच निअँडरथलांना पहिली 'फुलांची माणसं' म्हटलं होतं. काळ हिप्पींचा होता, हे लक्षात घ्या. पुढं शंका निघाल्या. त्या भागात बिळात फुलं साठवणारा एक जातीचा उंदीर आहे. २०२३ साली ख्रिस हंट आणि सहकाऱ्यांनी दाखवलं, की पुंजक्यांत वेगवेगळ्या मोसमांत फुलणाऱ्या झाडांचे पराग एकत्र आहेत. ते जमिनीत घर करणाऱ्या मधमाश्यांनी आणलेले असण्याची शक्यता जास्त.

बूलला रानटी प्राणी हवा होता, सत्तरच्या दशकाला फुलं हवी होती, आपल्याला फोनवर पाठवायला सुविचार हवा असतो. हाडं तीच, आपापल्या काळाला हवं ते प्रत्येकानं वाचलं. गंमत म्हणजे फुलं काढून घेतली तरी शानिदारची गोष्ट लहान होत नाही. २०१८ साली नव्या उत्खननात फुलांच्या त्याच जागेशेजारी आणखी एक सांगाडा मिळाला, सुमारे ७५ हजार वर्षांपूर्वीचा. त्या व्यक्तीचा डावा हात दुमडून डोक्याखाली होता. एका उभ्या खडकाजवळच्या त्याच जागेत एकामागून एक प्रेतं ठेवली गेली होती. लोक तिथं परत परत येत होते. आणि चौथ्याची फुलं खोटी ठरली म्हणून पहिल्याचा काडीसारखा दंड खोटा ठरत नाही. मायेचा पुरावा मेल्यानंतरच्या सोहळ्यात शोधण्यापेक्षा जगलेल्या वर्षांत शोधला, तर तो जास्त भक्कम मिळतो.

हा पुरावा शानिदारहूनही जुना आहे. जॉर्जियातल्या द्मानिसी इथं सुमारे १७.७ लाख वर्षांपूर्वीची एक कवटी आणि तिचा जबडा मिळाला. मरताना तोंडात एकच दात होता. बाकी खोबणी भरून आलेल्या. म्हणजे ही व्यक्ती कित्येक वर्षं बोळक्या तोंडानं जगली. तिला कुणी मऊ घास दिला, की तिनं स्वतःच हाडांतला मगज दगडानं फोडून खाल्ला? दोन्ही शक्य आहे. दात पडलेले चिंपांझीही कधी कधी तगतात. म्हणून या कवटीवर फार भार टाकता येत नाही.

स्पेनमधल्या कोवा नेग्रा गुहेतला पुरावा मात्र वेगळा आहे. तिथं एका निअँडरथल मुलाच्या कानशिलाच्या हाडाचा तुकडा मिळाला होता. २०२४ साली संशोधकांनी त्याचं सीटी स्कॅन प्रसिद्ध केलं. आतल्या कानात इतके दोष होते, की मुलाला नीट ऐकू येत नसणार आणि चालताना तोल जात असणार. दोषांचा हा एकत्रित नमुना डाऊन सिंड्रोमशीच जुळतो, असं त्यांचं म्हणणं आहे. संशोधकांनी त्या मुलाला टीना हे नाव दिलं. टीना किमान ६ वर्षं जगली.

शानिदारच्या माणसाबद्दल कुणी हिशोब मांडू शकतं: तो कामाचा होता, अनुभवी होता, लोकांनी परतफेड म्हणून सांभाळलं. टीनानं आधी कुणासाठी काही केलेलं नव्हतं आणि पुढं करण्याची शक्यताही फार कमी होती. टांझानियातल्या महाले इथं असंच गंभीर अपंगत्व असलेलं चिंपांझीचं एक पिल्लू अभ्यासकांनी पाहिलं होतं. आई आणि मोठी बहीण मिळून ते सांभाळत. तरी ते दोन वर्षांचं व्हायच्या आतच दिसेनासं झालं. सतत मुक्काम हलवणाऱ्या टोळीत सहा वर्षं एकट्या आईला झेपण्यासारखी नाहीत. कुणी टीनाला कडेवर घेतलं असेल, कुणी तिच्या आईचा वाट्याचा लाकूडफाटा गोळा केला असेल. त्यांची नावं, चेहरे, बोली, यातलं काही उरलं नाही. उरला तो हाडाचा एक तुकडा, आणि तो आज जसा आहे तसा होण्यासाठी लागलेली सहा वर्षं.