जांगल, जंगल आणि पडीक

मागच्या व्याख्यानानंतर एका श्रोत्यानं विचारलं, "माळरान म्हणजे तोडलेलं जंगलच ना?" आयुष्यातली बरीच वर्षं आम्हीही या प्रश्नाला 'हो' म्हणालो असतो. ते उत्तर चुकीचं आहे, आणि ती चूक नुसती माहितीतली नाही, शब्दांतलीही आहे.

आधी भूगोल बघू. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. तिथून पूर्वेला सरळ रेषेत शंभरेक किलोमीटरवर दहिवडी; तिथे जवळपास त्याचा दहावा हिस्सा. अरबी समुद्रावरून आलेले वारे सह्याद्री चढताना थंड होतात, पाणी घाटमाथ्यावरच सांडतात आणि पलीकडे कोरडे होऊन उतरतात. त्यात जमीन लाव्हाची, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची. खोऱ्यांत काळी माती साचली. वरच्या सपाटीवर मात्र वीतभर माती आणि खाली मुरूम. पाऊस चार महिने, तोही लहरी; बाकी आठ महिने कोरडे. अशा जागी झाड येतच नाही असं नाही. खैर येतो, हिवर येतो, पण लांब-लांब. मधली सगळी जागा पवन्या, मारवेल, कुसळीची. गवताचे कोंब जमिनीलगत असतात. मेंढीनं खाल्लं, उन्हानं करपलं, वणव्यात जळलं, तरी पहिल्या सरीला ते पुन्हा उठतं.

हे दृश्य कुऱ्हाडीनं कालपरवा घडवलेलं नाही. २०२५ साली संशोधकांनी जुन्या मराठी वाङ्मयातल्या वनस्पतींचे उल्लेख तपासले. तेराव्या शतकापासूनच्या मजकुरात पश्चिम महाराष्ट्राच्या कोरड्या भागात झाडं भेटतात ती हिवर, खैर, तरवड अशी, म्हणजे उघड्या माळावरचीच.

आता शब्दाकडे येऊ. (आम्ही तत्त्वज्ञानाचे, शब्द दिसला की थांबतोच.) चरकसंहितेत देशाचे प्रकार सांगितले आहेत: पाणथळ तो आनूप, कोरडा तो जांगल. जांगल म्हणजे मोकळं आकाश, विरळ झाडी, खैर-धावडा-शमी-बोर, हरणं आणि तित्तिर. हा प्रदेश आरोग्याला चांगला मानलेला. मनुस्मृती तर राजानं जांगल देशातच वस्ती करावी, असं सांगते. फ्रान्सिस झिमरमन या फ्रेंच अभ्यासकानं १९८२ साली यावर आख्खा ग्रंथ लिहिला. त्याच शब्दाचं 'जंगल' झालं आणि अर्थ पार उलटला: दाट, ओलं अरण्य. माळाचं मानाचं नाव अरण्याला गेलं. मग माळाला काय उरलं? 'पडीक'.

हा शब्द कागदावर बसला तो इंग्रजी राज्यात. मागे जॉन लॉकचा विचार आहे: श्रम मिसळले की जमीन आपली होते, निसर्गावर सोडलेली ती वाया. पण गंमत बघा, १६८९ च्या त्याच ग्रंथात लॉकनं नांगरणी आणि लागवडीच्या जोडीला गुरं चारणंही उपयोगात धरलं आहे! महसुली हिशेबात मात्र सारा न देणारी जमीन ती पडीक, एवढंच राहिलं. १८७८ च्या वन कायद्यानं सरकारी मालकीची 'वनजमीन किंवा पडीक जमीन' राखीव करायची सोय केली. दोन्ही एका ओळीत! पेशवाईत घोडदळासाठी कुरणं राखली जात. गवताला किंमत आहे हे त्या कारभाराला ठाऊक होतं.

आणि धनगरांना तर होतंच. दिवाळीनंतर वाडा उठतो, घाट उतरून कोकणात जातो, वाटेत शेतात मेंढ्या बसवून खत देतो आणि पावसाच्या तोंडावर माळावर परततो. कोकणातला मुसळधार पाऊस मेंढीला सोसत नाही, आणि माळावर नेमकं तेव्हाच गवत येतं. हे वेळापत्रक पर्जन्यछायेनंच आखून दिलेलं आहे.

आता आमची गोष्ट. ऐन उमेदीत श्रमसंस्कार शिबिरात आम्ही शंभरेक मुलांना घेऊन एका माळावर खड्डे खणले, गिरिपुष्पाची रोपं लावली. 'ओसाड टेकडी हिरवी करू', ही घोषणा आमचीच. एक म्हातारे धनगर बराच वेळ बघत उभे होते. म्हणाले, "गुरुजी, हे रिकामं न्हाई. आमच्या मेंढरांचं ताट हाय हे." आम्ही त्यांना पर्यावरण समजावून सांगितलं! पुढे नान्नजला माळढोकाचं अभयारण्य पाहिलं तेव्हा ते ताट आठवलं. १९७९ साली ते झालं. ज्याच्या नावातच माळ आहे तो पक्षी उघड्यावर, जमिनीवर एकच अंडं घालतो. त्याला चहूकडे लांबवर दिसावं लागतं. झाडोरा वाढला की त्याच्या लेखी घर गेलं. शेती, विजेच्या तारा, शिकार हीही कारणं आहेतच. आज महाराष्ट्रात तो जवळपास दिसेनासा झाला आहे.

त्या टेकडीवर आम्ही चार वर्षांपूर्वी पुन्हा जाऊन आलो. गिरिपुष्प चिवट, गुरं त्याला सहसा तोंड लावत नाहीत. आमची बरीचशी रोपं जगली आहेत. खाली पाला साचलाय, पवन्या शोधूनही सापडला नाही. मेंढ्या आता खालच्या डांबरी रस्त्यानं जातात.