‘क्षार’ शब्दाचा अर्थविचार

(१)

जुन्या ग्रंथांचें व बाडांचें संपादन करणारास अवघड शब्दांपेक्षां सोपे शब्द अधिक फसवितात. अवघड शब्द आला कीं संपादक थांबतो, कोश उघडतो, दुसरी प्रत ताडून पाहतो. सोपा शब्द तो आजच्या अर्थानें वाचतो आणि पुढें जातो. मग चूक टीपेंत छापली जाऊन पुढील अभ्यासकांस प्रमाण होऊन बसते. अशा फसव्या शब्दांपैकीं ‘क्षार’ या एका शब्दाचा विचार प्रस्तुत लेखांत करावयाचा आहे.

आज महाराष्ट्रांतील शालेय पाठ्यपुस्तकांत आम्ल, आम्लारी व क्षार अशी त्रयी शिकवितात. आम्ल व आम्लारी यांच्या संयोगानें पाण्याबरोबर जो पदार्थ तयार होतो तो क्षार. साधें मीठ हें त्याचें पहिलें उदाहरण. उलट १९७६ पासून प्रसिद्ध झालेल्या मराठी विश्वकोशांत याच त्रयीस अम्ल, क्षारक व लवण अशीं नांवें आहेत. हिंदींत व बंगालींत ‘क्षार’ म्हणजे आम्लाच्या विरुद्ध गुणाचा पदार्थ व ‘लवण’ म्हणजे त्या दोहोंपासून झालेला पदार्थ असा भेद पाळतात. गुजराथी पाठ्यपुस्तकें मात्र मराठी पाठ्यपुस्तकांप्रमाणें मीठजातीच्या पदार्थांस ‘क्षार’ म्हणतात. म्हणजे एकच संस्कृत शब्द पूर्वेस व उत्तरेस एका अर्थीं आणि पश्चिमेस दुसऱ्याच अर्थीं रूढ झाला आहे. हा भेद केवळ परिभाषा ठरविणारांच्या लहरीनें पडला काय, कीं त्यास जुना आधार आहे, हें पाहणें अगत्याचें आहे.

(२)

प्रथम वैद्यकाकडे वळूं. चरकसंहितेच्या विमानस्थानाच्या पहिल्या अध्यायांत तीन द्रव्यांचें अतिसेवन करूं नये असें सांगितलें आहे: पिंपळी, क्षार व लवण. येथें क्षार व लवण हीं पृथक् मोजलीं आहेत, ही गोष्ट निर्णायक आहे. प्रत्येकाचे दोषहि वेगळे दिले आहेत. क्षाराच्या अतिसेवनानें केस, डोळे, हृदय व पुंस्त्व यांस अपाय होतो. प्राच्य व चीन लोक तो फार खातात म्हणून त्यांस हे विकार जडतात. लवणाच्या बाबतींत नांवें येतात तीं बाल्हीक, सौराष्ट्रिक, सैंधव व सौवीरक या पश्चिमेकडील लोकांचीं. ते दुधांतहि मीठ घालतात, असा उल्लेख आहे. आसामांत आजहि केळीच्या सालीची राख पाण्यांत कालवून, गाळून, तें पाणी स्वयंपाकांत घालतात व त्यास ‘खार’ म्हणतात. हीच चाल चरकास अभिप्रेत होती असा निर्णय यावरून करतां येत नाहीं. तथापि राखेचा क्षार अन्नांत घालणें ही पूर्वेकडील वास्तविक रीति आहे, एवढें तरी त्यावरून दिसतें.

त्याच संहितेंत सूत्रस्थानाच्या सव्विसाव्या अध्यायांत चैत्ररथ वनांतील ऋषींचा वाद दिला आहे. रस किती, असा प्रश्न आहे. विदेहाचा निमि सात रस सांगतो व सातवा क्षार धरतो. आत्रेय पुनर्वसु तें मान्य करीत नाहीं. त्याचें म्हणणें असें कीं, क्षार हा रस नव्हे, तें द्रव्य आहे. अनेक रसांच्या वस्तूंपासून तें कृतीनें सिद्ध होतें, त्यांत तिखट व खारट हे रस प्रमुख असतात, आणि त्यास स्पर्श, गंध इत्यादि इतर इंद्रियांचे विषयहि आहेत. चवीवरून ठरणारी वस्तु व कृतीनें तयार होणारी वस्तु यांतील हा भेद पुढें लक्षांत ठेवावयाचा आहे.

ती कृति सुश्रुतानें दिली आहे. सूत्रस्थानाचा अकरावा अध्याय सबंध क्षारपाकविधीचा आहे. मुष्कक, कुटज, पळस, आघाडा, रुई, निवडुंग इत्यादि वनस्पति जाळून त्यांची राख सहापट पाण्यांत किंवा मूत्रांत कालवावी, एकवीस वेळां गाळावी व तें पाणी मोठ्या कढईंत आटवावें. तें स्वच्छ, तांबूस, तीक्ष्ण व बुळबुळीत झालें म्हणजे चुनखडीचे खडे, शंखनाभि वगैरे अग्निवर्ण होईपर्यंत तापवून, त्याच पाण्यांत वाटून मिसळावीं व पुन्हां शिजवावें. तयार क्षार लोखंडी भांड्यांत तोंड बंद करून ठेवावा. मृदु, मध्य व तीक्ष्ण असे याचे तीन प्रकार. उपयोगाच्या दृष्टीनें पोटांत घ्यावयाचा पानीय व बाहेरून लावावयाचा प्रतिसारणीय असे दोन.

या कृतीचें रसायनशास्त्रीय मर्म आचार्य प्रफुल्लचंद्र राय यांनी १९०२ सालीं प्रसिद्ध झालेल्या हिंदु रसायनाच्या इतिहासाच्या पहिल्या खंडांत उघड केलें. राखेच्या पाण्यांत मुख्यत्वें पोटॅशियम कार्बोनेट असतें, तें मृदु. त्यांत भाजलेला चुना मिळविला कीं कॅल्शियम कार्बोनेट तळाशी बसतें व द्रवांत दाहक पोटॅशियम हायड्रॉक्साइड राहतें, तें तीक्ष्ण. झाकण घट्ट लावण्याचें कारणहि यांतच आहे: हवेंतील कार्बन डाय-ऑक्साइड शोषून तीक्ष्ण क्षार पुन्हां मृदु होतो.

याच अध्यायांत सुश्रुतानें एक शंका घेतली आहे. क्षारानें जळलेल्या जागीं आंबट द्रव्य लावावें असें सांगितलें. पण आम्ल स्वतः उष्ण व तीक्ष्ण असतां तें क्षाराचा अग्नि शमवितें कसें? उत्तर असें कीं, क्षारांत आम्ल सोडून सर्व रस आहेत. त्यांत कटु प्रधान व लवण गौण. आम्लाशीं संयोग झाला म्हणजे लवण रस आपलें तीक्ष्णत्व टाकून मधुर बनतो. ‘आम्लारी’ हा आजचा पारिभाषिक शब्द नवा असला तरी त्यांतील कल्पना या प्रकरणाशीं तंतोतंत जुळते. पण त्यामुळेंच विरोध ठळक होतो. आम्लानें ज्याचा नाश होतो तो सुश्रुताचा क्षार. आम्ल व आम्लारी एकमेकांस मारून जें मागें उरतें तो पाठ्यपुस्तकांतील क्षार.

(३)

वैद्यकाबाहेर पाऊल टाकतांच शब्दाचा अर्थ बदलतो. रुद्रपट्टण शामशास्त्री यांनी उजेडांत आणून १९०९ सालीं छापलेल्या कौटिलीय अर्थशास्त्रांत कोठारावरील अध्यक्षाचें प्रकरण आहे. तेथें क्षारवर्गांत काकवी, गूळ, मत्स्यंडिका, खांड व साखर हे पदार्थ घातले आहेत! आणि ज्यास वैद्य खात्रीनें क्षार म्हणतील तो यवक्षार लवणवर्गांत सैंधव व सामुद्र यांच्या पंक्तीस बसविला आहे. क्षार शब्दाची व्युत्पत्ति वैद्यक ग्रंथ ‘क्षर्’ म्हणजे पाझरणें व ‘क्षण्’ म्हणजे इजा करणें या दोन धातूंपासून देतात. पाझरून, आटवून काढलेला पदार्थ हा पहिला अर्थ धरला तर उसाचा रस आटवून झालेला गूळ त्या नांवाखालीं कसा आला असावा याची कल्पना येते.

गृह्यसूत्रांत नवविवाहित दांपत्यानें क्षार व लवण वर्ज्य करून रहावें असा नियम आहे. मनुस्मृतींत आशौचाच्या प्रकरणीं तसाच नियम येतो. येथें टीकाकारांची मतें फुटतात. कोणी क्षार व लवण अशीं दोन द्रव्यें घेतात. कोणी ‘क्षारलवण’ हा एकच शब्द धरून कृत्रिम मीठ असा अर्थ करतात व सैंधवास मोकळीक देतात. धर्मनिबंधांत ‘क्षारगण’ म्हणून जी यादी येते तींत तर शेंगेंतील धान्यें व उसाचे पदार्थ आहेत. व्रताच्या पोथींत ‘क्षार वर्ज्य’ असें लिहिलेलें असतां आज कोणी त्याचा अर्थ ‘मीठ वर्ज्य’ असा सरसकट करील तर लिहिणाराचा हेतु त्यास कळला असें म्हणतां येणार नाहीं.

पुराणांतील भूगोलांत जंबुद्वीपास वेढणाऱ्या समुद्रास लवणोद म्हणतात, तसेंच क्षारोदहि म्हणतात. समुद्राच्या पाण्यांत राख नाहीं, चुना नाहीं. तेथें क्षार म्हणजे खारट एवढाच अर्थ. तेव्हां क्षार व लवण यांची गफलत अर्वाचीन मराठीनें केली असा आरोप टिकत नाहीं. संस्कृतांतच वैद्याचा क्षार कृतीवरून ठरे व पौराणिकाचा चवीवरून.

(४)

मराठींत तद्भव ‘खार’ हा शब्द या दुसऱ्या वाटेनें गेला. खारट, खारें पाणी, खारे दाणे, लोणच्याचा खार या सर्वांत मीठच आहे. कोंकणांतील समुद्राच्या भरतीखालीं येणारी व बांध घालून मिळविलेली जमीन ती खार. १९४८ च्या मुंबई सरकारच्या खार जमिनींच्या कायद्यानें हा शब्द दप्तरांतहि कायम केला. परंतु त्याच वेळीं सज्जीखार, जवखार, पापडखार, टाकणखार हे शब्द घरांत व बाजारांत नांदत राहिले, आणि हीं सर्व द्रव्यें आम्लविरोधी गुणाचीं आहेत. वैद्यांचे क्षारद्वय म्हणजे जवखार व सज्जीखार. त्यांत टाकणखार मिळविला कीं क्षारत्रय.

येथें आणखी एक गोष्ट ध्यानांत घेतली पाहिजे. जवखार, सज्जीखार व टाकणखार हे आजच्या रसायनशास्त्राच्या व्याख्येनें मीठजातीचेच पदार्थ होत. केवळ त्यांचा द्रव आम्लविरोधी असतो. म्हणजे संदिग्धता शब्दांत होती तशी पदार्थांतहि होती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत बाळाजी प्रभाकर मोडक यांच्यासारख्या लेखकांनीं रसायनशास्त्र मराठींत आणलें, तेव्हां त्यांच्यापुढें असा दुपेडी शब्द होता. पुढें पाठ्यपुस्तकांनीं लोकांच्या ‘खार’चा अर्थ उचलला व विश्वकोशानें वैद्यांच्या ‘क्षारा’चा. दोन्ही पक्षांस परंपरेचा आधार आहे.

पाठ्यपुस्तकांच्या पक्षांत क्षार हें नांव मीठजातीस दिल्यावर पाण्यांत विरघळणाऱ्या आम्लारीस वेगळें नांव हवें होतें. तें ‘अल्क’ असें केलें. हा शब्द युरोपीय भाषांतील अल्कली शब्दाचें संक्षिप्त रूप होय. आणि अल्कली मूळ अरबी. खाऱ्या जमिनींत उगवणाऱ्या वनस्पति जाळून होणारी राख, असा त्याचा मूळ अर्थ. सुश्रुताचा क्षार ज्या वस्तूपासून निघतो तीच वस्तु अरबी वेष घेऊन मराठींत परत आली.

(५)

जीवशास्त्रांत, आरोग्यशास्त्रांत व शेतींत ‘क्षार’ शब्दाचा तिसरा विस्तार झाला आहे. अन्नांतील जीवनसत्त्वें व खनिज क्षार असें म्हणतांना चुना, लोह, आयोडीन इत्यादि शरीरास लागणारीं निरिंद्रिय द्रव्यें अभिप्रेत असतात. जुलाबानें शरीरांतील क्षार कमी झाले म्हणून डॉक्टर साखर-मिठाचें पाणी देतो. त्याच गांवांतील वैद्य भगंदरावर क्षारसूत्र बांधतो, तें निवडुंगाचा चीक, आघाड्याचा क्षार व हळद यांचीं एकवीस पुटें दिलेलें असतें. डॉक्टरांचा क्षार रक्तांत हवा; वैद्याचा क्षार मांस छेदतो. शब्द एकच, व्यवहार अगदीं भिन्न.

जमिनीच्या बाबतींत मराठीनें स्वतःच उपाय शोधला. कालव्याच्या पाण्यानें बिघडलेल्या नीरेच्या खोऱ्यांतील खाऱ्या जमिनींची पाहणी हॅरॉल्ड मान व तम्हाणे यांनीं १९१० सालीं प्रसिद्ध केली. अशा बिघडलेल्या जमिनी एका जातीच्या नसतात. जींत विद्राव्य मीठजातीचे पदार्थ सांठतात ती क्षारयुक्त. तिला चर काढून पाण्यानें धुतली कीं ती सुधारते. जींत सोडियम मातीच्या कणांस चिकटून राहतें व जी ओली असतां चिकट, वाळल्यावर कठीण होते ती चोपण. तिला आधीं जिप्सम द्यावें लागतें. चोपण हा देशी शब्द असल्यामुळें शेतकऱ्याचा घोटाळा टळतो. तो नसता तर दोन्ही जमिनींस ‘क्षाराची जमीन’ म्हणून एकच उपाय झाला असता.

(६)

वरील विवेचनावरून संपादकांनीं व संग्राहकांनीं कांहीं नियम पाळावे असें वाटतें. पहिला, त्याच वाक्यांत किंवा यादींत लवण, सैंधव, मीठ यांपैकीं शब्द असेल तर क्षार हा बहुधा वेगळा पदार्थ समजावा. दुसरा, वनस्पतीचें नांव, राख, गाळणें, चुना किंवा लोखंडी भांडें यांचा उल्लेख असेल तर वैद्यकीय क्षार घ्यावा. तिसरा, व्रत, आशौच किंवा हविष्यान्न यांचा विषय असेल तर धर्मग्रंथांतील क्षारगण पाहिल्याशिवाय अर्थ करूं नये. चौथा, दारूखान्याच्या यादींत गंधक व कोळसा यांच्या जोडीस खार आला तर तो सोरा असण्याचा संभव तपासावा. पांचवा, मूळ प्रतींत ‘खार’ असेल तर तो ‘क्षार’ असा शुद्ध करून छापूं नये. तद्भव व तत्सम रूपांच्या अर्थांत जो फरक पडला आहे तो अशा दुरुस्तीनें पुसला जातो.

हा केवळ शब्दाचा कीस नव्हे. वैद्यकाच्या बाडांतील ‘तीक्ष्ण क्षार’ या शब्दाखालीं ‘मीठ’ अशी टीप छापली गेली, तर वाचक कातडी जाळणाऱ्या द्रव्यास स्वयंपाकघरांतील वस्तु समजेल. आणि ‘क्षार पोटांत द्यावा’ या वाक्यांतील पानीय क्षाराचें प्रमाण मिठाच्या प्रमाणानें ठरवील. बाडें जतन करणें हें जसें आपलें काम, तसेंच त्यांतील शब्द कोणत्या अर्थानें लिहिला गेला हें जतन करणेंहि आपलेंच काम आहे. छापील प्रतीच्या शब्दसूचींत ‘क्षार’ या शब्दाखालीं एकच अर्थ न देतां, ग्रंथांत तो ज्या ज्या अर्थीं आला असेल ते अर्थ पृष्ठांकांसह वेगवेगळे नोंदवावे, इतकी सूचना करून हा लेख पुरा करतों.