बडतर्फीआधीची चौकशी

इंग्रजी अमलात सरकारी नोकराची नोकरी टिकायची ती राजाच्या मर्जीवर. कामावर ठेवणाराच केव्हाही काढू शकतो, कारण सांगण्याचे बंधन त्याच्यावर नाही, हा ब्रिटिश कायद्याचा जुना दंडक हिंदुस्थानातही लागू होता. 1850 च्या 37 व्या कायद्याने बड्या अधिकाऱ्यांवरील आरोपांची रीतसर चौकशी करण्याची सोय केली, पण कारकून, शिपाई, फौजदार यांना तिचा उपयोग नव्हता.

1919 च्या भारत सरकार कायद्यातील कलम 96-ब ने मर्जीला पहिली मर्यादा घातली: नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याने नोकराला बडतर्फ करू नये. पुढे 1930 च्या सेवा नियमांतील नियम 55 मध्ये लेखी दोषारोप, बचावाची संधी आणि साक्षीदारांची उलटतपासणी यांची तरतूद झाली. कागदावर हे पुरेसे वाटते, पण नियम मोडला तर दाद कुठे मागायची हा प्रश्न राहिलाच. मद्रासच्या सरकारी छापखान्यातील एका मुद्रिततपासनिसाला नियम 55 न पाळता काढले, तेव्हा प्रकरण थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत, म्हणजे तेव्हाच्या अंतिम अपील न्यायपीठापर्यंत गेले. कौन्सिलने नियमभंग झाल्याचे मान्य केले, मात्र त्यावरून न्यायालयात दावा लावता येत नाही, वरिष्ठांकडेच अपील करावे, असे ठरवले. ज्यांच्याविरुद्ध तक्रार, त्यांच्याच दारी जाण्याचा हा मार्ग होता. त्याच सुमारास एका पोलीस उपनिरीक्षकाची बडतर्फी मात्र रद्द ठरली, कारण ती खालच्या अधिकाऱ्याने केली होती आणि तेवढी मनाई खुद्द कायद्यात होती.

1935 च्या भारत सरकार कायद्याने ही उणीव भरून काढली. कलम 240 मध्ये 'कारणे दाखवण्याची वाजवी संधी' प्रत्यक्ष कायद्याच्या मजकुरात आली. सनदी अधिकारी आय. एम. लाल यांच्या खटल्यात 1948 साली प्रिव्ही कौन्सिलने त्या शब्दांचा अर्थ लावला: आरोपांवर म्हणणे ऐकावेच, शिवाय शिक्षा ठरल्यावर त्या शिक्षेबद्दलही पुन्हा विचारावे. लाल जिंकले, पण थकलेला पगार त्यांना मिळाला नाही.

राज्यघटनेत मर्जीचे तत्त्व अनुच्छेद 310 मध्ये आणि संरक्षण अनुच्छेद 311 मध्ये, असे शेजारी शेजारी आले. 1958 च्या खेमचंद निकालात सर्वोच्च न्यायालयाने वाजवी संधीचे टप्पे स्पष्ट केले. 1963 च्या पंधराव्या घटनादुरुस्तीने चौकशी आणि दोन संधी घटनेच्या शब्दांतच घातल्या. आणीबाणीतील बेचाळिसाव्या दुरुस्तीने शिक्षेबाबतची दुसरी संधी काढून घेतली. ती आजही परत आलेली नाही.

चौकशीविना काढण्याच्या वाटा मात्र घटनेतच आहेत: फौजदारी गुन्ह्यात शिक्षा झाली असेल, चौकशी व्यवहार्य नसल्याचे लेखी नोंदवले असेल किंवा राज्याच्या सुरक्षेचा प्रश्न असेल तर. 1985 च्या तुलसीराम पटेल निकालात न्या. दि. पी. मदन यांनी बहुमताच्या वतीने हे अपवाद उचलून धरले. न्या. ठक्कर यांचे मत वेगळे पडले. या निकालाने पारडे सरकारकडे झुकवले, असेच म्हणावे लागेल.

अनुच्छेद 311 महामंडळे, बंदरे वा सरकारी कंपन्या यांच्या नोकरांना लागू नाही. त्यांना आधार मिळाला तो समानतेच्या हक्काचा. 1986 मध्ये केंद्रीय अंतर्देशीय जलवाहतूक महामंडळाच्या प्रकरणात तीन महिन्यांची नोटीस देऊन कायम नोकराला घरी पाठवण्याचा नियम रद्द झाला. हा निकालही न्या. मदन यांचाच. दिल्ली परिवहन महामंडळाचा तसाच नियम 1990 मध्ये गेला.

चौकशीच्या तपशिलातील दोन महत्त्वाचे निकाल महाराष्ट्रातील प्रकरणांवरचे असून पहिला 1982 चा, तर दुसरा 1983 चा आहे. मुंबई बंदराच्या एका कर्मचाऱ्यासमोर व्यवस्थापनाने कायदा शिकलेले सादरकर्ते उभे केले आणि त्याला वकील नाकारला. न्यायालयाने अशी चौकशी अन्यायाची ठरवली. दुसरे प्रकरण निर्वाह भत्त्याचे. मुंबई नागरी सेवा नियमांनुसार शिक्षा होऊन अपील प्रलंबित असलेल्या निलंबित नोकराला दरमहा एक रुपया मिळे. एवढ्यात बचाव लढवणे दूरच, पोटही भरत नाही. न्यायालयाने तो नियम घटनाबाह्य ठरवला.

1993 मध्ये करुणाकर प्रकरणात चौकशी अहवालाची प्रत निर्णयाआधी नोकराला दिलीच पाहिजे, असे ठरले. प्रत दिली नाही म्हणून बडतर्फी आपोआप रद्द होत नाही; त्यामुळे बचावाचे खरोखर नुकसान झाले का, हे न्यायालयाने तपासायचे असते.