वीटभट्टी-नियमन (कसारा परिसर)
ठाणे जिल्ह्यातील कसारा, शहापूर, मुरबाड भागात दिवाळीनंतर हंगामी वीटभट्ट्या लागतात. मजूर मुख्यतः कातकरी. १९७४ चा जलकायदा व १९८१ चा वायुकायदा यांनुसार प्रदूषणकारी व्यवसायाला महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाची (स्थापना १९७०) आधी उभारणीची, मग चालवण्याची संमती लागते. २०१६ च्या वर्गवारीत व्यवसायांचे लाल, नारिंगी, हिरवा व पांढरा असे गट होते. त्यातल्या पांढऱ्या गटाला केवळ कळवणे पुरे होते. केंद्राच्या फेब्रुवारी २०२२ च्या अधिसूचनेनुसार नवी भट्टी वस्ती व फळबागांपासून किमान ०.८ किमी दूर हवी, आणि झिगझॅग, उभ्या शाफ्टची किंवा नळाने येणाऱ्या नैसर्गिक वायूवर चालणारी. अधिसूचनेतले धुराड्याच्या मोजमापांवर बेतलेले नियम इथल्या बिनधुराड्याच्या, दरवर्षी नव्याने रचल्या जाणाऱ्या भट्टीला नीट बसत नाहीत. शिवाय मुंबईला पाणी देणारे तानसा व भातसा जलाशय शहापूर तालुक्यातच आहेत. तानसा जलाशयाभोवतीच्या अभयारण्यामुळे भट्ट्यांवर वनविभागाचे निर्बंधही येतात.